चाचांची धनुष्यवाली

मॅच सुरू व्हायच्या आधी चाचा दोन्ही अंगठे सदऱ्याच्या पोटावर घासून पुसत. ऑइल, ग्रीस, दिवसभरात हाताला लागलेलं जे काही असेल ते सगळं त्या पोटावर जाई. मग फोन आडवा धरून ते म्हणत, "लंबी होऊ द्या बावा. घाई करू नोका."

घाई मला असायची. मी दारव्ह्याहून बोरी अरब आणि तिथून पुढे यवतमाळ अशी काळी-पिवळी जीप चालवायचो. आमच्या धंद्याची रीत तुम्हाला माहीतच असेल. गाडी भरल्याशिवाय हलत नाही आणि भरली की सवाऱ्या क्षणभर दम धरत नाहीत. स्टँडला लागूनच चाचांचं फवारणीचे पंप दुरुस्त करायचं दुकान होतं, त्याला चिकटून गजाननची चहाची टपरी. सवाऱ्या जमेपर्यंत मी चाचांच्या बाकावर बसायचो आणि आम्ही तिघं मोबाइलवर खेळायचो. गजानन आणि मी तिशीतले, चाचा पन्नाशी ओलांडलेले. चष्म्याच्या एका काडीला तांब्याची तार गुंडाळलेली. या वयाचा, दाढी पिकलेला माणूस मोबाइलवर मारामारी खेळतो याचं स्टँडवर सगळ्यांना हसू यायचं. चाचांनाही यायचं.

तो खेळ ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. पाच खेळाडू इकडे, पाच तिकडे. दोन्ही बाजूंना एकेक किल्ला. जो समोरच्याचा किल्ला फोडेल तो जिंकला. आम्ही तिघं, आणि उरलेले दोघं कुठले कोण देव जाणे, फोनच आणून द्यायचा. प्रत्येकानं आपापलं पात्र निवडायचं. माझा ठरलेला एक पहिलवान होता. मॅच सुरू झाली की पहिल्या मिनिटापासून तो समोरच्याला उचलून आपटायचा. पण खेळ लांबला की त्याची ताकद कमी पडायची. त्याचं अंग आहे तेवढंच राहतं आणि बाकीचे मोठे होत जातात, हे मला चाचांनी समजावलं.

चाचा नेमकं उलटं पात्र घ्यायचे. धनुष्य घेतलेली एक बारकुडी पोरगी. सुरुवातीला तिला कोणीही येऊन टपली मारावी आणि तिनं मरावं. पण शत्रूचे छोटे शिपाई मारून तिला थोडं थोडं सोनं मिळत जाई, त्यातून एकेक वस्तू घेता येई, आणि मॅच अर्ध्या तासाच्या पुढे गेली की तिच्यासमोर उभं राहायची कोणाची टाप नसे.

"आज तिच्या हातात काही नाही," चाचा म्हणायचे. "लहान हाय थे. तिच्या अंगावर कोणाले येऊ देऊ नोका. रोज थोडं थोडं भेटलं का होते मोठी."

म्हणजे आमचं काम एकच, त्या पोरीची राखण. गजानन चिडायचा. त्याच्या पात्राला मरायचा कंटाळा यायचा. "चाचा, तुमच्या पोट्टीपायी मी कितीक खेपा मरू?" चाचा शांतपणे म्हणायचे, "मर ना बे. तुले काय, तू उठतंच पुन्हा."

एकदा अशीच मॅच रंगात आली आणि माझी गाडी भरली. बोरीची एक म्हातारी बाई पिशवी घेऊन थेट आमच्या डोक्यावर येऊन उभी राहिली. काहून निघत नाही म्हणून मला शिव्या घालणार, तेवढ्यात चाचा स्क्रीनवरची नजर न काढता तिला म्हणाले, "बाई, दोन मिनटं. पोट्टी आत्ताच मोठी होऊन राह्यली." बाईंचा चेहरा एकदम मऊ झाला. त्या गपचूप जाऊन गाडीत बसल्या आणि बाकीच्या सवाऱ्यांनाही त्यांनी गप्प केलं. बोरीपर्यंत मला विचारत होत्या, चाचांची नात का, शाळेत जाते का. मी हो म्हणालो. चाचांना लेकरू नव्हतं, हे मी त्यांना कसं सांगणार होतो?

खेळात हार मानायची सोय असते. आपली बाजू फारच मार खात असेल तर स्क्रीनवर विचारणा येते आणि पाचांतल्या चौघांनी हो म्हटलं की मॅच तिथंच संपते. मी आणि गजानन ताबडतोब हो म्हणायचो. त्या अनोळखी दोघांतलाही एक म्हणायचा. पण फोनचा नाद लागलेली कुठली तरी पोरं असत ती, दुसरा हटून बसायचा, आणि त्याच्या जोडीला चाचा. "अजून कुठी संपली?" ते म्हणायचे. बऱ्याचदा आम्ही हरायचोच. पण कधी कधी सगळं गेलेलं असताना, आमचा शेवटचा बुरूज पडलेला असताना ती पोरगी एकटी किल्ल्यासमोर उभी राही आणि समोरचे पाचही आडवे करी. तेव्हा चाचा ओरडत नसत. चष्मा काढून पुसत आणि गजाननला म्हणत, "चाय टाक."

घरातही त्यांचं तसंच होतं. दुकानामागच्या दोन खोल्यांत ते आणि चाची राहायचे. चाची दुपारी डबा घेऊन यायच्या. ईदला घेतलेला सदरा घडी न मोडता कपाटात, नवा फोन खोक्यात, आणि जुन्याची काच तडकलेली. "इनका सब बाद में रहता, भाऊ," चाची मला सांगायच्या. "पहनते नहीं, खाते नहीं. बोलते, रुको." चाचा जेवता जेवता हसायचे.

मग कापसाची ती वाईट वर्षं आली. एका साली पऱ्हाटी अशी माजली की माणसाच्या डोक्यावर गेली. झाड उंच, बोंडात अळी, आणि जो तो दोन-दोन तीन-तीन औषधं एकत्र कालवून मारत होता. फवारणी वरच्या बाजूला करावी लागे, म्हणून सगळं तोंडावर येई. गावागावांतून फवारणी करणारे मजूर चक्कर येऊन पडत होते. माझ्याच गाडीतून किती जणांना मी यवतमाळला नेलं. मागच्या सीटवर त्यांचं डोकं धरून बसलेल्या बायका मला आरशात दिसायच्या.

चाचांच्या दुकानासमोर त्या दिवसांत पंपांची रांग लागायची. बहुतेकांची तक्रार एकच, नोझल बुजलं. नोझल म्हणजे पंपाच्या टोकाचं ते बारीक भोकाचं बटण, ज्यातून औषध धुक्यासारखं उडतं. दुसरे मेकॅनिक त्यात तार घालायचे. चाचा घालत नसत. ते नोझल काढायचे, ओठांत धरायचे, जोरात फुंकायचे, बाजूला थुंकायचे आणि उजेडाकडे धरून त्या भोकातून बघायचे. साफ दिसलं की म्हणायचे, "घेऊन जा."

"चाचा, तार घाला ना," मी म्हणालो. "थे जहर हाय."

"तार टाकली का छेद मोठा होते. मंग थेंब पडते मोठे, त्याच्या अंगावर अजून जास्त येते." त्यांना त्या मजुरांची काळजी होती. "अन् मी काही पेऊन राह्यलो का? इतके साल झाले फुकून राह्यलो."

गजानननं त्यांच्यासाठी सायकलला हवा भरायचा पंप आणून ठेवला. चाचांनी तो दोन दिवस वापरला. पण रांग मोठी, शेतकरी ओरडत होते, पंपाची नळी जोडण्यात वेळ जायचा, आणि तोंड तर जवळच होतं.

आधी त्यांना स्क्रीन अंधुक दिसायला लागली. ते फोनला दोष द्यायचे आणि उजेड पूर्ण वाढवून ठेवायचे. मग गार वाऱ्यातही घाम. मग चहा पिताना तोंडाच्या कोपऱ्यातून लाळ, ती ते खांद्याच्या रुमालानं टिपायचे आणि आमच्याकडे बघायचे नाहीत. आम्हीही दुसरीकडे बघायचो.

एक मॅच मी विसरू शकत नाही. चांगली लांबली होती, चाचांना हवी तशी. ती पोरगी पूर्ण मोठी झालेली, तिच्याकडे घेण्यासारखं काही राहिलं नव्हतं. समोरचे पाचही मेलेले. समोरचा किल्ला उघडा पडलेला, फक्त तिनं पुढं जाऊन बाण मारायचे होते. माझा पहिलवान आणि गजाननचा गडी दोघंही मेलेले, म्हणून आम्ही नुसते बघत होतो. आणि ती जागची हलेना. मग गोल फिरली, भिंतीवर जाऊन आदळली, भलतीकडेच बाण सोडायला लागली. मी मान वर केली. चाचांचा अंगठा नाचत होता. बोटांखालची कातडी आतून कोणी टोचावं तशी उडत होती. त्यांनी एका हातानं दुसरा हात दाबून धरला तरी थांबेना. समोरचे उठून आले आणि त्यांनी तिला मारलं. आम्ही हरलो. तिच्यात त्या वेळी जेवढी ताकद होती तेवढी कधीच नव्हती, आणि चाचांच्या अंगठ्यात तिला चालवण्याइतकीही राहिली नव्हती. मला तिथंच रडू आलं. मी गाडी पुसायच्या निमित्तानं उठलो.

चाची त्यांना दवाखान्यात घेऊन गेल्या. डॉक्टर म्हणाले, एका दिवसाचं हे नाही, थोडं थोडं करून अंगात साचत आलंय, आता त्या औषधाच्या वासालाही उभं राहायचं नाही. थोड्या दिवसांनी चाचा घरी आले, गाल बसलेले, पण बरे दिसत होते. आम्हाला वाटलं, सुटले. आणि त्याच आठवड्यात ते पुन्हा दुकानात.

"सीझन संपू द्या," ते म्हणाले. "दिवाळीनंतर आरामच हाय. थोडा टाइम भेटला का शरीर सुदरते आपोआप."

त्यांचा खरोखर विश्वास होता हो. आपलं शरीरही त्या धनुष्यवालीसारखं आहे, आज नाजूक, पण टिकवून धरलं तर पुढे उभं राहील, असं त्यांना वाटत होतं. मी भांडलो. गजानन भांडला. चाचींनी एकदा नोझलची सगळी पेटी उचलून आत नेऊन लपवली. चाचा त्यांच्या मागे मागे गेले आणि थोड्या वेळानं पेटी घेऊन परत आले. चाची दारात उभ्या राहून आमच्याकडे बघत राहिल्या.

त्यानंतर एक दिवस, सकाळची वेळ, गाडीत दोनच सवाऱ्या होत्या. आम्ही खेळायला बसलो. पात्र निवडायची वेळ आली तेव्हा चाचा माझ्याकडे न बघता म्हणाले, "ड्रायव्हर, आज तुहा पहिलवान मले दे."

"काहून चाचा? अन् पोट्टी?"

"नोको. आज लवकर संपवू."

गजाननच्या हातातला कप तसाच राहिला. मी पहिलवान सोडला. चाचांनी तो घेतला आणि फार बरा खेळवला असंही नाही, पण पहिलवानाला नेम धरावा लागत नाही, तो नुसता अंगावर जातो. मॅच पाहता पाहता संपली. आम्ही जिंकलो. इतकी वर्षं मी त्यांना सांगत होतो, चाचा, अशी खेळा, वेळेत गाडी निघते. त्या दिवशी माझी गाडी वेळेत निघाली आणि बोरीपर्यंत मला रस्ता धड दिसत नव्हता. चाचांना कळलं होतं. आमच्या आधी कळलं होतं.

त्यानंतर पुन्हा आम्ही खेळलो नाही.

मग एक दिवस दुकानातून चाचींची हाक आली तेव्हा स्टँडवर माझा नंबर लागलेला होता, गाडी रिकामी होती. चाचा दुकानात खाली बसले होते, घामानं निथळत, श्वास ओढत. गजानननं आणि मी त्यांना उचलून मधल्या सीटवर बसवलं. चाची बाजूला बसल्या. गजानन पुढं यायला निघाला, पण टपरीवर शेगडी पेटलेली, म्हणाला, बंद करून मागून येतो. मी गाडी काढली.

चाचा यवतमाळहून परत आले नाहीत. आता त्यांच्या दुकानात मोबाइलची कव्हरं मिळतात. चाची अमरावतीला भावाकडे राहतात. हे सगळं सांगून झालं तरी माझं मन दर वेळी त्या जाण्याच्या रस्त्यावरच अडकून राहतं.

गाव मागे पडलं आणि चाचा अस्वस्थ व्हायला लागले. डोळे उघडे होते, पण त्यांना काही दिसत नव्हतं, बुबुळं टाचणीच्या डोक्याएवढी झाली होती. हातानं बाजूची सीट चाचपत होते.

"ड्रायव्हर, गाडी खाली हाय काय बे?"

"चाचा, पडून राहा."

"खाली कायले नेऊन राह्यला? थांब. सवाऱ्या येऊ दे."

"येतील चाचा पुढं."

"नाही, थांब. माह्यापायी खेप खराब करू नोको." ते उठायला बघू लागले. चाची त्यांना दाबून धरत होत्या आणि ते दाराच्या कडीकडे हात नेत होते. एवढा जोर त्यांच्यात कुठून आला होता कोणास ठाऊक.

बोरीच्या अलीकडे मी गाडी बाजूला घेतली. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं, दोन्ही बाजूंना नुसती पऱ्हाटी. मी खाली उतरलो, मागचं दार उघडलं, जोरात लावलं. पुन्हा उघडलं, पुन्हा लावलं. मग येऊन स्टिअरिंगवर बसलो.

"भरली का?" चाचांनी विचारलं.

"भरली चाचा."

"मंग चाल."

ते पुन्हा काही बोलले नाहीत. मी गाडी सोडली आणि आरशात पाहिलं. चाचांनी पाय आखडून घेतले होते, कोपर पोटाशी ओढलं होतं. चाची माझ्याकडे बघत होत्या. मग सवारीला जागा करावी तशा त्याही थोड्या सरकल्या. यवतमाळ येईपर्यंत त्या रिकाम्या गाडीत दोघं तसेच अंग चोरून बसून होते.