साऊची व्हेस्पा

साइगॉनच्या चौथ्या पेठेत, कालव्याचा पूल उतरलं की पहिली गल्ली आमची. गल्लीच्या तोंडाशी माझी शिंपल्यांची आणि गोगलगायींची गाडी. मी न्यान. इथंच उभी राहून नारळाच्या दुधात गोगलगायी शिजवत म्हातारी झाले, आणि माझ्या तोंडाला लागण्याआधी माणसं दोनदा विचार करतात असं माझी सूनच गल्लीभर सांगत असते. सांगू दे. पण तामची गोष्ट सांगायची तर तोंडात साखर धरून सांगता येणार नाही.

उन्हं उतरली की सहलवाली कंपनी जुन्या व्हेस्पांची रांग घेऊन येते. पुढे आमचा माणूस, मागे एक गोरा पाहुणा. आधी कॉफी, मग पाव, मग फुलबाजार, मग मी. बुटक्या प्लॅस्टिकच्या स्टुलांवर ते गुडघे हनुवटीला लावून बसतात. गोगलगाय तोंडाला लावून कशी चोखायची ते मी दाखवते, ते माझे फोटो काढतात, आणि अर्धं ताटलीत तसंच टाकून उठतात. जळ्ळं मेलं ते खाणं. पण गिऱ्हाईक आहे, हसावं लागतं.

बाकीच्या चालकांच्या गाड्या कंपनीच्या, कुठून कुठून भंगारातून आणून रंगवलेल्या. ताम त्यांच्यातलाच, पण त्याची गाडी स्वतःची. विचारलं की तो म्हणायचा, "माझी कुठली, साऊची."

साऊ त्याचा थोरला भाऊ. साऊ म्हणजे सहावा, ताम आठवा. आमच्यात घरातलं नाव म्हणजे जन्माचा क्रमांक. मधली बहीण तापानं गेली, वरची सगळी लग्नं करून पांगली. वडील कचेरीत कारकून होते, त्यांनी ती फिकट हिरवी व्हेस्पा घेतलेली. ते वारल्यावर साऊ ती फिरवायचा, आणि गल्लीतल्या पोरी दारात येऊन उभ्या राहायच्या. खोटं कशाला बोलू, मीही राहायचे.

लढाई संपून पाचेक वर्षं झाली होती. खायला धड भात नव्हता, आणि ज्याला जमेल तो होडीत बसून समुद्रावर निघत होता. साऊही निघाला. सहाव्या महिन्यातल्या चतुर्दशीला पहाटे तो तामला मागे बसवून बसच्या अड्ड्यावर गेला, तिथं गाडीची चावी त्याच्या हातात दिली आणि म्हणाला, "चालू ठेव. आलो की मला लागेल." त्यानंतर त्याचा पत्ता नाही. त्या होडीतल्या दुसऱ्या कुणाचाही नाही.

तामनं गाडी चालू ठेवली. पेट्रोल मिळेना तेव्हा उभी ठेवून रोज इंजिन फिरवायचा. पुढे तिच्यावर बर्फाच्या लाद्या वाहिल्या, भाड्यानं माणसं नेली. परदेशी लोक जुन्या व्हेस्पा विकत घ्यायला गल्ल्यागल्ल्यांतून हिंडू लागले, तेव्हा बायको त्याच्या मागे लागली, विकून टाक, घरावर पत्रे तरी घालू. तामनं ऐकलं नाही. बायको माहेरी गेली ती गेलीच. आता बोला.

आणि घरात लेमावशी, त्यांची आई. रोज जेवायला बसताना ती एक वाडगा आणि जेवायच्या काड्यांची एक जोडी जास्तीची मांडायची. भात वाढायची आणि म्हणायची, "साऊ, जेव रे." मग तो भात पुन्हा भांड्यात.

आमच्यात माणूस समुद्रात हरवला आणि मेल्याचा दिवस कळला नाही, तर घरातून निघाल्याचा दिवस धरून त्याचं श्राद्ध घालतात. नाहीतर त्याच्या जिवाला कुणी वाढत नाही, तो उपाशी भटकत राहतो. पण जिवंत माणसाच्या फोटोपुढे उदबत्ती लावली, तर ती त्याला मारते असंही आम्ही मानतो. म्हातारी त्या दुसऱ्या गोष्टीला धरून बसली होती. कुणी श्राद्धाचा विषय काढला की म्हणायची, "तुला माझं पोर मारायची घाई झालीय का?" माझ्यासारखीसुद्धा गप्प बसायची.

ताम मात्र झुरत गेला. त्याच्या स्वप्नात साऊ यायला लागला, निथळत दारात उभा, भूक लागली म्हणणारा. एकदा माझ्या गाडीपाशी येऊन म्हणाला, "न्यानताई, तो उपाशी आहे गं. आई वाट बघते आणि तो उपाशी मरतो."

"मेलेला कसा मरेल पुन्हा?" मी म्हटलं.

"तू चेष्टा कर. तुझ्या स्वप्नात येत नाही तो."

मग त्यानं आईला गळ घालायला सुरुवात केली. रोज. देवळातल्या भिक्षूला घरी आणलं. पाया पडला, रडला. शेवटी एका वर्षी चतुर्दशी जवळ आली तशी म्हातारी म्हणाली, "बरं." एवढंच. पेटीतून साऊचा फोटो काढला, बावीस वर्षांचा, केस मागे वळवलेला. बाहीनं पुसला आणि स्वतःच्या हातानं देव्हाऱ्यावर, नवऱ्याच्या फोटोशेजारी ठेवला. आम्ही सगळे जेवायला होतो. मेलेल्याला आवडायचं ते करायचं असतं, म्हणून गोगलगायी मी केल्या. म्हातारीनं घास घेतला नाही. त्या दिवसापासून जास्तीचा वाडगा मांडणं बंद, आणि तिचं बोलणंही बंद झालं. दुसऱ्या वर्षी, नव्या वर्षाचा सण झाला आणि ती गेली. दुखणं काही नव्हतं.

तामला वाटलं, आईला सुटका मिळाली. भावाला अन्न मिळालं. त्याची स्वप्नं थांबली होती. कंपनीत लागला तोही याच सुमाराला, आणि जरा अंगावर मांस चढलं त्याच्या.

कंपनीतली इंग्रजी बोलणारी पोरगी, वी, हुशार. तामची हकीकत तिला कळली आणि तिनं ती सहलीत घातली. माझ्याकडे सगळे बसले की ती हिरव्या गाडीकडे हात करून सांगायची: ही बुडालेल्या भावाची गाडी, हा धाकटा भाऊ अजून तिला जपतोय. पाहुण्या बायका डोळे पुसायच्या. तामला इंग्रजी येत नाही, पण सगळे आपल्याकडे बघायला लागले की काय चाललंय ते त्याला समजायचं, आणि तो मान खाली घालायचा. पहिल्यांदा खरी घालत असेल. नंतर सवयीनं. मला ते बघवायचं नाही. मी त्याला म्हटलं होतं, "भाऊ बुडाला तो बुडाला, आता त्याला रोज माझ्या कढईत कशाला तळता?" तो म्हणाला, "ताई, पोट आहे."

मग त्या दिवशी एक म्हातारा पाहुणा आला. आमच्याच तोंडवळ्याचा, पण कपडे, बूट परदेशातले. त्यानं म्हणे हट्ट धरला होता की मी हिरव्या गाडीवरच बसणार. फुलबाजारापर्यंत एक शब्द बोलला नव्हता, तामच्या खांद्यावर हात ठेवून नुसता बसला होता. माझ्याकडे आल्यावर नारळातल्या गोगलगायींची ताटली त्यानं चाटूनपुसून संपवली. मला वाटलं, चला, एक तरी खाणारा भेटला.

वीनं तिची गोष्ट सुरू केली. गाडीकडे हात केला. तामनं मान खाली घातली. त्या म्हाताऱ्यानं ऐकून घेतलं सगळं, शेवटपर्यंत. स्वतःचं बुडणं ऐकलं त्यानं. मग आमच्या बोलीत, आमच्या गल्लीच्या बोलीत म्हणाला, "ताम, मी साऊ."

तामनं वर बघितलं. मग म्हणाला, "हं."

"कंपनीच्या जाहिरातीत गाडीचा फोटो बघितला," साऊ म्हणाला. "नंबर तोच. म्हटलं, तू असशील. आई कशी आहे?"

"गेली."

साऊ रडायला लागला. पाहुण्यांना काहीच कळेना. वी त्यांना काय सांगावं म्हणून माझ्याकडे बघायला लागली. मी तिला म्हटलं, "घेऊन जा बाई सगळ्यांना पुढच्या थांब्यावर." ते गेल्यावर मी साऊसमोर जाऊन उभी राहिले.

"कुठं होतास?"

"कॅनडात."

"तिथं टपाल नाही?"

"न्यान, तुला नाही कळायचं. तिथं गेलो आणि भांडी घासली. बाकीच्यांची पोरं घरी खोकी धाडायची, कापड, औषधं, पैसे. माझ्याकडे काही नव्हतं. रिकाम्या हातानं कसं लिहायचं? म्हटलं, पुढच्या वर्षी. मग लग्न झालं, पोरं झाली. नंतर इतकी वर्षं गेली की काय म्हणून लिहू तेच कळेना."

"कोरं पाकीट धाडलं असतंस तरी ती जगली असती," मी म्हटलं. मला त्याच्या थोबाडीत मारावीशी वाटत होती. पोरसवदा असताना ज्याच्यासाठी दारात उभी राहायचे त्याच्या.

तामनं व्हेस्पा चालू केली आणि साऊला मागे बसवून घरी नेलं. मीही मागोमाग गेले; माझी गाडी सुनेवर सोपवली. साऊनं बूट काढून आत पाऊल टाकलं आणि देव्हारा दिसला. बाप, आई, आणि आईच्या शेजारी तो स्वतः. पुढे सकाळच्या उदबत्तीची काडी.

तो पांढरा पडला. "हे काय केलंत? जिवंत माणसाला?" असं म्हणत त्यानं फोटो उचलायला हात पुढे केला. तामनं त्याचं मनगट धरलं.

"हात लावू नकोस. आईनं ठेवलाय तो."

"अरे, पण मी आहे ना इथं."

"आईचा साऊ तो आहे. त्याला आम्ही जेवू घालतो. तू सहलीचा पाहुणा आहेस, चल, तुला हॉटेलवर सोडायचंय."

आणि सोडून आला. खरंच सोडून आला. साऊ आठवडाभर गावात होता, दोनदा दार वाजवून गेला. तामनं उघडलं नाही. मी म्हटलं, "अरे, राग किती धरायचा?" तो म्हणाला, "राग नाही गं ताई. मला त्याच्याशी काय बोलायचं तेच सुचत नाही."

वीला मी सांगून टाकलं की ती गोष्ट आता बंद कर. तिनं बंद केली. पाहुण्यांना काही फरक पडला नाही.

परवा साऊचा फोन आला, कंपनीकडून नंबर मिळवला होता म्हणे. ताम माझ्याच स्टुलावर बसला होता, त्यानं फोन मोठ्या आवाजावर टाकला. साऊ धापा टाकत होता. छातीत कळा येतात, दवाखान्यात होतो, बायको म्हणते तिकडे तुला उदबत्ती लावतात त्याचाच हा ताप आहे. "फोटो काढ, ताम. मी पाया पडतो तुझ्या."

"मी ठेवलेला नाही," ताम म्हणाला. "आईला विचार."

"तिला आता कसं विचारू?"

"विचार. उत्तर येईपर्यंत वाट बघ."

त्यानं फोन खिशात टाकला. चेहरा असा काही कोरडा होता की मलाच भीती वाटली. मी त्याच्यापुढे ताटली ठेवली. त्यानं ती बाजूला सारली. मग साऊ येऊन गेल्यापासून तो मला जे रोज विचारतो तेच पुन्हा विचारलं. "न्यानताई, मी आईच्या मागे लागलो नसतो तर ती आज असती का गं?"

एरवी माझी जीभ कुणाला सोडत नाही. पण त्याला मी रोज सांगते, नाही रे, तिचं वयच झालं होतं. मला ठाऊक आहे, ती असती.