तीन वाजताचं तापमान

माझं अक्षर चांगलं आहे, आणि पुढे जे झालं त्यात या अक्षराचा मोठा हात आहे.

आमच्या घरात कारकुनी पिढीजात. आजोबा तहसिलीत होते, वडील यवतमाळच्या कोर्टात. लहानपणी गणित चुकलं तर चालायचं, पण गिचमिड लिहिलं की पाठीत धपाटा बसायचा. मी तेवढा विजेच्या नोकरीत शिरलो आणि पांढरकवड्याहून घाटंजीकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका सबस्टेशनात ऑपरेटर झालो. सबस्टेशन म्हणजे काय, तर तारेचं कुंपण, आत गिट्टी पसरलेलं यार्ड, मधोमध घराएवढा एक ट्रान्सफॉर्मर आणि कडेला आमची कंट्रोल रूम. तिथून चार लाइनी गावोगाव जायच्या. त्यांना आम्ही फीडर म्हणायचो.

ट्रान्सफॉर्मरच्या पोटात तेल असतं आणि ते त्याला थंड ठेवतं. भार झेपेनासा झाला की तेल तापतं. म्हणून ऑपरेटरनं दर तासाला यार्डात जायचं, ट्रान्सफॉर्मरच्या अंगावरच्या तबकडीत तापमानाचा काटा कुठे आहे ते बघायचं आणि येऊन लॉगबुकात लिहायचं, असा नियम. दर तासाला! मे महिन्यात, दुपारी दोन वाजता, यवतमाळ जिल्ह्यात! ज्यानं हा नियम केला त्याला एकदा तरी त्या गिट्टीवरून चालवायला हवं होतं, असं मला तेव्हा वाटायचं आणि खरं सांगायचं तर आजही वाटतं.

पहिला महिना मी इमानेइतबारे गेलो. मग दोन तासांतून एकदा. मग फक्त सकाळी ड्यूटीवर येताना. मग तेही सुटलं. कूलरसमोर खुर्ची टाकून मी आकडे लिहायला लागलो. असं लिहिणारा मी एकटा नव्हतो, सगळीकडे तेच चालायचं. पण बाकीचे मनाला येईल ते ठोकायचे, पन्नासनंतर एकदम सत्तर, मग परत बावन्न. मी अभ्यास करून लिहायचो. भार वाढला की तेल लगेच तापत नाही, दोनेक तास मागून तापतं, हे मला ठाऊक होतं. त्यामुळे माझ्या वहीत सकाळी आठला अठ्ठेचाळीस, मग हळूहळू चढत दुपारी तीनला एकसष्ट, आणि चारला साठ. सकाळी आठला आलो की चहा येईपर्यंत माझी चारपर्यंतची ड्यूटी लिहून तयार असायची. दुसऱ्या पाळीचे ऑपरेटर माझंच पान समोर ठेवून पुढचं लिहायचे. मला त्याचाही अभिमान होता.

तबकडी खरोखर वाचणारा एकच माणूस त्या यार्डात यायचा. आम्ही त्यांना मिस्त्री चाचा म्हणायचो. पांढरकवड्याला हायवेवर त्यांचं मोटर वाइंडिंगचं दुकान होतं. दर उन्हाळ्याआधी ट्रान्सफॉर्मरचं तेल गाळायला ते कंत्राटावर यायचे, आणि मधूनमधून कुठे गळती दिसली की निरोप गेल्याबरोबर लुनावर बसून हजर व्हायचे. दोऱ्यानं बांधलेला चष्मा, बोटांच्या पेरांना तांब्याच्या तारेचे वळ. मी त्यांची फार टर उडवायचो. त्या चष्म्यातून चाचांना चाचीसुद्धा दोन दिसत असतील, असं म्हणायचो. ते हसायचे.

एका मार्चमध्ये तेल गाळून झाल्यावर त्यांनी मला हाक मारली.

"बाबू, इकडं या. टाकीले हात लावा."

"काहून? काय झालं?"

"तुमच्या वहीत किती लिहेल आहे?"

"एकसष्ट," मी यार्डाच्या दारातूनच म्हणालो.

"एकसष्टवर पाच मोजेपर्यंत हात ठेवता येते बाबू. मले एकही मोजता नाही आला. तेल जळून राह्यलं. वास घ्या. मागच्या साली असा वास नोता."

तापमान हाताबाहेर गेलं की वीज आपोआप तोडणारी एक व्यवस्था ट्रान्सफॉर्मरला असते. आमची बिघडलेली होती. तिचा भाग मागवून दोन उन्हाळे झाले होते. मी चाचांना म्हणालो, वर कळवतो. खरं तर कळवायचं काय हा प्रश्न होता. काटा वर गेलाय म्हणावं तर माझीच वही माझ्यावर उलटणार होती.

आणि त्याच महिन्यात कॉम्प्युटर आला. यवतमाळच्या ऑफिसात एक मोठा पडदा बसला. त्यावर जिल्ह्यातलं सगळं जाळं रेघारेघांनी दिसायचं, आणि तिथे बसून बटण दाबलं की आमच्या इथला फीडर बंद किंवा चालू व्हायचा. मी खुर्चीत बसलेलो असायचो आणि समोरचा स्विच आपला आपण खाडकन पडायचा. पहिल्या दिवशी तर मी नमस्कारच केला त्याला.

ते काम बघणाऱ्या इंजिनिअर मॅडम वयानं माझ्यापेक्षा लहान होत्या, पण कामाला वाघ. कोणता ट्रान्सफॉर्मर किती भार पेलेल, कुठला आधी बदलायला हवा, हे कॉम्प्युटरनं ठरवायचं म्हणून त्यांनी सगळीकडच्या तीन-तीन वर्षांच्या वह्या मागवल्या. आकडे भरून घेतले. मग एक दिवस स्वतः आल्या आणि माझ्या टेबलाशी उभ्या राहून म्हणाल्या, "जिल्ह्यात सगळ्यात चांगला डेटा तुमचा आहे. बाकीच्यांच्या आकड्यांवर कॉम्प्युटर शंका घेतो. तुमची रेघ इतकी सुंदर येते की बघत राहावं."

त्या वेळी मी सांगायला हवं होतं. मॅडम, ती रेघ माझ्या डोक्यातून आलीय, तो ट्रान्सफॉर्मर आतून जळतोय, आमचा मिस्त्री सांगतोय. दोन वाक्यांचं काम. मॅडम कदाचित चिडल्या असत्या, कदाचित माझी बदली जिल्ह्याच्या टोकाला, झरी जामणीला झाली असती. त्यापलीकडे काय होणार होतं? पण माझी छाती फुगली होती. मी त्यांना चहा पाजला.

त्या वर्षी आमच्या भागासाठी एकच नवा ट्रान्सफॉर्मर मिळाला. कॉम्प्युटरच्या यादीत आमचा "उत्तम" निघाला म्हणून तो दुसरीकडे गेला.

ती वर्षं कापसानं माणसं खाल्ल्याची होती. आठवड्यातून एखादी बातमी यायची, आणि बातम्या वाढल्या तशी मोठी माणसं सांत्वनाला यायला लागली. त्या मे महिन्यात घाटंजीकडच्या एका गावात असंच कुणीतरी फार मोठं येणार होतं. एरवी आमच्या फीडरवर दिवसातले दहा-बारा तास अंधार. त्या दिवसापुरता हुकूम आला की लोडशेडिंग अजिबात नाही, चारही फीडर एकदम चालू. यवतमाळहून कॉम्प्युटरवरच सगळं चालवणार, ऑपरेटरनं हात लावायचा नाही, लावला तर निलंबन. आदल्या दिवशी मॅडमनी मला फोनवर समजावलं, "मी हिशेब काढून बघितलाय. तुमच्याकडचं तापमान पंचाहत्तरच्या वर जाणार नाही."

मी हो म्हणालो. मात्र सकाळीच चाचांना बोलावून घेतलं. निमित्त सांगितलं की व्हॉल्व्हमधून तेल ठिबकतंय. खरं कारण असं की त्या यंत्राजवळ कुणीतरी जाणतं माणूस असावं असं मला वाटलं. आणि एवढं वाटूनही सकाळी आठला मी सवयीनं पान भरलं. तीनला एकसष्ट, चारला साठ.

दिवसा लाइन आहे हे कळल्यावर ज्याच्या विहिरीत कळशीभर पाणी होतं त्यानंही मोटर टाकली. घरोघरी कूलर लागले. पिठाच्या गिरण्या सुरू झाल्या. बिचारे लोक, कधी नव्हे ते दुपारी वीज मिळाली होती. बारानंतर ट्रान्सफॉर्मरचा आवाज बदलला. नेहमी गुणगुणतो तो आता घरघरायला लागला. चाचा कुंपणाजवळच्या कडुनिंबाखाली डबा उघडून बसले होते. ते न जेवताच उठले आणि त्याच्याकडे बघत उभे राहिले.

तीन वाजता मॅडमचा फोन आला. पडद्यावर भार अंदाजापेक्षा बराच वर दिसत होता. "मला आत्ताचं तापमान सांगा. वहीतलं नको, आत्ता बघून. जास्त असेल तर मी इथून दोन फीडर तोडते. हुकूम गेला उडत, माझी जबाबदारी."

रिसीव्हर माझ्या कानाला होता, म्हणून मी खिडकीतून ओरडलो, "चाचा, काटा पाहा बरं!" तसं पाहिलं तर मॅडमना थांबवून मी स्वतः जाऊ शकलो असतो. यार्ड काय कोसभर लांब नव्हतं.

चाचा गेले. टाचा उंचावून तबकडीत पाहिलं. वळून ओरडले, "ब्याण्णव!"

मी रिसीव्हरवर हात ठेवला. तो हात कसा आणि कधी गेला, मला सांगता येणार नाही. समोर वही उघडी होती, तीनच्या रकान्यात माझ्या सुंदर अक्षरात एकसष्ट. ब्याण्णव सांगितलं तर पहिला प्रश्न येणार, दोनला किती होतं? काल किती होतं? तीन वर्षं किती होतं?

"किती आहे?" मॅडम विचारत होत्या.

मी खिडकीतून म्हणालो, "चाचा, चष्मा पुसून परत पाहा! नीट पाहा!"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. चिडले नाहीत. चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाला पुसला, दोरा कानामागे घेतला आणि परत गेले. मी फोनवर म्हणालो, "बघतायत मॅडम, एक मिनिट." तीन वाजून दहा मिनिटं झाली होती. मी घड्याळ पाहिलं ते एवढ्यासाठीच की मला वेळ काढायचा होता.

मग ट्रान्सफॉर्मरच्या डोक्यावरची चिनी मातीची नळी फुटली आणि उकळतं तेल पेटून खाली आलं. चाचा त्याच्या पायाशी उभे होते. याहून जास्त मला लिहायचं नाही.

चौकशी दोन दिवसांत उरकली. आलेल्या साहेबांनी वही मागितली. तीन दहाला जळून गेलेल्या ट्रान्सफॉर्मरचं चार वाजताचं तापमान त्या पानावर लिहिलेलं होतं. साठ. साहेबांनी ती ओळ पाहिली, माझ्याकडे पाहिलं आणि वही मिटली. ही एक वही खोटी ठरली असती तर जिल्हाभरच्या वह्या उघडाव्या लागल्या असत्या आणि कॉम्प्युटरचा सगळा अभ्यास रद्दीत गेला असता. त्यांनी मला बयाण सांगितलं, मी लिहिलं. बाहेरचा एक मिस्त्री परवानगीशिवाय यार्डात शिरला. तो कुणाच्या सांगण्यावरून गेला हे मला माहीत नाही. काटा बघण्याआधीच स्फोट झाला. खाली माझी सही. अक्षर नेहमीसारखं आलं.

मॅडमनी मला एकटं गाठून विचारलं, "त्यांनी काही सांगितलं होतं का हो? मला लांबून ओरडल्यासारखं वाटलं." मी नाही म्हणालो. आपल्या हिशेबात कुठे चूक झाली हे शोधत त्या पुढे कित्येक महिने बसायच्या, असं मी नंतर ऐकलं.

पाचव्या दिवशी मी यवतमाळच्या दवाखान्यात गेलो. चाचांच्या डोळ्यांवर पट्ट्या होत्या. चाची उशाशी पंखा हलवत बसल्या होत्या. त्यांनी मला स्टूल दिलं. ते स्टूल त्यांनी पुसून दिलं, हे माझ्या डोक्यातून जात नाही.

आवाजावरून चाचांनी ओळखलं. फार हळू बोलत होते.

"बाबू, ब्याण्णवच होतं. मी नीट पाह्यलं होतं."

"हो चाचा."

"तुम्ही म्हटलं तं चष्मा पुसला. परत पाह्यलं. तवा पंच्याण्णव झालतं." थोडं थांबून म्हणाले, "तुमाले सांगाचं राह्यलं."

चार दिवसांनी ते गेले. मय्यतीला मी कबरस्तानाच्या फाटकापर्यंत गेलो आणि तिथून परत फिरलो. आत जायला मला तोंड नव्हतं.

नंतर मी वीस वर्षं नोकरी केली. आता काटे कुणी बघायला जात नाही, तापमान आपलं आपण पडद्यावर येतं. चांगलंच झालं. पण ते दोन आकडे कुठल्याही वहीत नाहीत आणि कुठल्याही कॉम्प्युटरात नाहीत. ते ऐकलेला मीच काय तो उरलोय, म्हणून इथे लिहून ठेवतो. त्या दिवशी तीन वाजता तापमान ब्याण्णव होतं. तीन वाजून दहा मिनिटांनी पंच्याण्णव. दोन्ही वेळा पाहिलं मिस्त्री चाचांनी. दोन्ही वेळा पाठवलं मी.