सलूनवाले काका आणि आमचे श्रोते

आमच्या कॉलेजच्या रेडिओ केंद्राला श्रोते होते, हे मी आजही छातीठोकपणे सांगते. पोस्टमास्तर होते, शिवणकामवाल्या ताई होत्या, टेम्पोवाला होता. शनिवारी संध्याकाळच्या कार्यक्रमात तिघांचेही फोन न चुकता यायचे. अडचण एकच होती. तिघेही सलूनवाले काका होते.

काकांचं सलून कॉलेजच्या फाटकासमोर. आत दोन खुर्च्या, त्यातल्या एकीचं सीट फाटलेलं, म्हणून तिच्यावर गिऱ्हाइकांऐवजी वर्तमानपत्रं बसायची. आरशाखाली पावडरचा डबा आणि तुरटी यांच्यामध्ये रेडिओ. त्याची एरियल कधीच मोडली होती. तिच्या जागी लावलेली तार भिंतीवरच्या खिळ्यापर्यंत गेली होती, आणि कोणी त्या खिळ्याला सदरा अडकवला की आमचं केंद्र खरखरायला लागायचं. काका मग गिऱ्हाईक तसंच सोडून आधी सदरा काढायला धावायचे. कारागिरी मात्र बेताचीच. वर्गातल्या एखाद्या मुलाचे केस एका बाजूला जास्तच उडालेले दिसले की समजायचं, त्या वेळी रेडिओवर आमचं काहीतरी चांगलं लागलं होतं.

देशभरातल्या कॉलेजांतल्या मुलांनी चालवलेल्या रेडिओ केंद्रांचं एक मोठं नेटवर्क होतं आणि आमचं केंद्र त्यातलं शेंडेफळ. केंद्र म्हणजे काय, तर ग्रंथालयामागची मोडक्या बाकांची खोली, आवाज घुमू नये म्हणून भिंतींना ठोकलेल्या जुन्या गाद्या, एक मायक्रोफोन आणि एक फोन. बातम्या आम्हीच द्यायच्या, चुकायचं आम्हीच आणि माफीही आम्हीच मागायची. दर वर्षी जुनी मुलं पदवी घेऊन निघून जायची. जाताना नव्यांच्या हातात किल्ली द्यायची आणि एकच गोष्ट बजावायची: "शनिवारी तीन फोन येतील. तिन्ही काकांचे. ओळखलंय असं चुकूनही दाखवायचं नाही."

ओळखायला काही अवघड नव्हतं. पोस्टमास्तर घसा खाकरून बोलायचे, ताई नाकातून, टेम्पोवाला ओरडून, पण तिघांच्याही मागे तीच कात्री वाजायची आणि तोच पंखा कुरकुरायचा. एकदा पोस्टमास्तर नळाच्या पाण्यावरून तावातावाने बोलत होते आणि मध्येच म्हणाले, "मान जरा खाली." मी मायक्रोफोनसमोर होते. शेजारी बसलेल्या मैत्रिणीने तोंडात रुमाल कोंबला. मी म्हटलं, "बरोबर आहे मास्तर, हल्ली पाणी खालच्याच नळाला येतं."

आम्ही हसायचो खरं, पण गाद्या ठोकलेल्या खोलीत एकटं बसून बोलणं किती जिवावर येतं, हे बोललेल्यालाच ठाऊक. आपण बोलतोय आणि पलीकडे कोणीच नाही, असं वाटायला लागलं की जीभ जड होते. अशा वेळी फोन वाजला की जीव भांड्यात पडायचा. तो फोन कोणाचा आहे हे माहीत असूनही पडायचा. त्या माणसावर आमचा फार जीव होता.

मग माझ्या शेवटच्या वर्षी नेटवर्कचं पत्र आलं. ज्या केंद्रांना स्वतःचे श्रोते नाहीत त्यांचे कार्यक्रम बंद होणार, त्यांनी फक्त मुख्य केंद्राचे कार्यक्रम जसेच्या तसे वाजवायचे. आमची तपासणी करायला एक मॅडम येणार होत्या. रविवारी सकाळी श्रोत्यांचा मेळावा ठेवा, तो थेट ऐकवा, मी श्रोत्यांशी बोलेन, असं त्यांनी कळवलं. केंद्र राहतंय की जातंय, हे आता त्या तीन श्रोत्यांवर होतं.

आदल्या शनिवारी तिघांनाही मला रीतसर आमंत्रण द्यावं लागलं. पोस्टमास्तर म्हणाले, "बघतो, गुडघे फार दुखतात." ताई म्हणाल्या, "घरी पाहुणे आलेत गं, कशी येऊ?" टेम्पोवाल्याची गाडी गॅरेजला होती. मी तिघांनाही म्हटलं, "तरी प्रयत्न करा." दुसरं काय म्हणणार!

रविवारी आम्ही वर्गातून ओढून आणलेल्या खुर्च्या मांडल्या. मॅडम आल्या, पेन काढून बसल्या. थोड्या वेळाने काका आले. खांद्यावर टॉवेल, बोटांना साबणाचा फेस. दुकान तसंच टाकून आले होते. भरपूर रिकाम्या खुर्च्या सोडून ते अगदी कडेच्या खुर्चीवर टेकले.

"बाकीचे?" मॅडमनी विचारलं.

"येतायत," मी म्हटलं. "वाटेतच असतील. पोस्टमास्तर जरा सावकाश चालतात."

काकांनी माझ्याकडे पाहिलं आणि उठून उभे राहिले. "पोरी, राहू दे. माझ्यापायी खोटं नको बोलूस." मग मायक्रोफोनजवळ येऊन म्हणाले, "मॅडम, पोस्टमास्तर मीच." हे घसा खाकरून. "ताईपण मीच," हे नाकातून. टेम्पोवाल्याचा आवाज काही त्यांना काढवला नाही.

"कशासाठी पण?"

"केंद्र सुरू झालं त्या वर्षी यांच्यासारखाच एक मुलगा होता. माझ्या खुर्चीत बसला होता, पण आरशात बघेना. म्हणाला, काका, आम्ही एवढं बोलतो, ऐकत कोणीच नाही. मी म्हटलं, मी ऐकतो की. तर म्हणाला, तुम्ही एकटेच. म्हणून पुढच्या शनिवारपासून मी तिघं झालो. पोरांना यातलं काही माहीत नाही. त्यांना शिक्षा नको."

मला रडू आवरेना. मॅडमनी पेनाला टोपण लावलं. "म्हणजे श्रोता एकच," त्या हळूच म्हणाल्या.

आणि फोन वाजला.

आम्ही सगळ्यांनी आधी काकांकडे पाहिलं. फोन करणारा माणूस तर आमच्यासमोर उभा होता. मी रिसीव्हर उचलून सगळ्यांना ऐकू येईल असा धरला.

"मी पोस्टमास्तर बोलतोय," पलीकडून आवाज आला. "खरा. त्या सलूनवाल्याला आवर आधी. 'मीच, मीच' काय लावलंय? नळाची तक्रार माझी होती! या खुर्चीत बसून मी बोललो. तोंडाला साबण फासल्यावर माणूस फोन कसा करणार? म्हणून त्याने केला. आणि माझे गुडघे खरंच दुखतात!"

मागे कोणाची तरी फोनसाठी ओढाओढ चालली होती. मग एक बाई बोलायला लागल्या, आणि गंमत म्हणजे अगदी नाकातून. "मी शेजारची शिवणकामवाली. भिंतीपलीकडून सगळं ऐकते मी. काकांना म्हटलं होतं, पोरींना एवढं घाईघाईने बोलू नका म्हणून सांगा. त्यांनी सांगितलं ना? घरी पाहुणे आहेत, ठेवते. टेम्पोवाल्याची गाडी अजून गॅरेजलाच आहे."

पोस्टमास्तरांनी फोन परत घेतला. "आणि त्याला लवकर पाठव. एक गाल झालाय, दुसऱ्यावरचा साबण वाळला."

काकांनी टॉवेलने डोळे पुसले आणि फेस डोळ्यांत गेला. मॅडम हसत होत्या. त्यांनी पेनाचं टोपण पुन्हा काढलं होतं, आणि आमचं केंद्र राहिलं.

पुढच्या शनिवारी पोस्टमास्तरांनी स्वतः फोन केला. खरं सांगायचं तर काकांचे पोस्टमास्तर जास्त बरे बोलायचे. त्यानंतर ताईंचा फोन आला, टेम्पोवाल्याचा आला, आणि कार्यक्रम संपता संपता आणखी एक आला. मागे कात्री वाजत नव्हती.

"मी सलूनवाला बोलतोय," काका म्हणाले. इतक्या वर्षांत या नावाने आमच्या केंद्रावर कधीच फोन आला नव्हता.

"बोला काका. तुमच्यासाठी कुठलं गाणं लावू?"

"माझ्यासाठी?" पंख्याची कुरकुर तेवढी ऐकू येत होती. "थांब हं पोरी, विचारून सांगतो."