गिअरबॉक्स ठणठणीत आहे

नरेश मेश्रामला एक खोड होती. गाडीचा कॉम्प्युटर जे सांगेल त्यावर हा गडी विश्वासच ठेवायचा नाही. आता बोला! ज्याचं सगळं काम स्कॅनर लावून गाड्यांची दुखणी शोधायचं, त्याचाच स्कॅनरवर भरवसा नाही. स्क्रीनवर कोड आला की तो वहीत उतरवून घ्यायचा आणि स्वतःशीच पुटपुटायचा, "ही झाली तक्रार. आता आजार शोधू." मूळचा नागपूरचा, पण चाकणला एका मोटार कंपनीच्या टेस्टिंग विभागात अकरा वर्षं काढलेली. तिथल्या साहेबांनी लावलेलं हे वळण, सिंगापूरला येऊन सात वर्षं झाली तरी सुटलं नव्हतं. आणि ह्या वळणापायीच तो आता गोत्यात आला होता.

सिंगापूरच्या उबी भागातल्या त्याच्या गॅरेजचे मालक मिस्टर पँग. माणूस तसा वाईट नाही हो, हे आधीच सांगून टाकतो. चिनी नववर्षाला संत्र्यांची पिशवी स्वतः घरी आणून देणारा, नरेशच्या मुलीची परीक्षा कधी आहे तेही लक्षात ठेवणारा. पण दीड वर्षापूर्वी त्याने बाहेरदेशात दुरुस्त केलेले सीव्हीटी, म्हणजे पट्ट्यावर चालणारे, गिअरबॉक्स मागवले आणि मागच्या रॅकवर रचून ठेवले. झालं! तेव्हापासून तेलाच्या प्रेशरचा कोड घेऊन आलेली प्रत्येक गाडी गिअरबॉक्स बदलूनच बाहेर पडायला लागली. आधी सेन्सर बघू, वायर बघू, असं नरेशने दोनदा सांगून पाहिलं. "यू थिंक टू मच, लाह," म्हणत पँगने त्याच्या पाठीवर थाप मारली आणि विषय संपवला.

रिपोर्टवर सही मात्र नरेशचीच लागायची. तीन रिपोर्टांवर त्याने ती मुकाट्याने केलीही होती. पहिल्या सहीनंतर दोन दिवस त्याला जेवण गेलं नाही. तिसरी गाडी कुठली होती हे तर आता आठवतही नव्हतं, आणि त्याची त्याला जास्त लाज वाटायची.

मग सोडायची ना नोकरी, असं तुम्ही म्हणाल. म्हणा, म्हणायला काय जातंय! इथे नोकरी म्हणजे पास, आणि पास म्हणजे मालक. नरेशचा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे इथे राहून काम करायचा परवाना, एकोणीस दिवसांत संपणार होता. पुढच्या पासचा अर्ज मालकाने करायचा असतो, आणि पँगने तो अजून केला नव्हता. नाही म्हणत नव्हता, हो म्हणत नव्हता. नरेशचा पास गेला की बायको जान्हवीचा आणि मुलगी प्रणिताचाही जाणार, कारण त्या दोघींचे पास ह्याच्या पासाला बांधलेले. मग महिन्याभरात टॅम्पिनीसचा फ्लॅट रिकामा करायचा आणि विमानात बसायचं. प्रणिताची ओ लेव्हलची, म्हणजे इथल्या दहावीची, परीक्षा नऊ आठवड्यांवर आलेली. चार वर्षं पोरीने त्या एका परीक्षेसाठी जिवाचं रान केलेलं. ऐन वेळी उचलून नागपूरला नेली तर कुठल्या वर्गात बसवायची तिला?

जान्हवी रोज संध्याकाळी दार उघडता उघडता विचारायची, "केला का हो त्यांनी अर्ज?" बूट काढत तो म्हणायचा, "करतील." हल्ली तिने विचारणं सोडलं होतं, नुसती तोंडाकडे बघायची. नरेशला ते बघणं सोसवत नसे. तो सरळ हात धुवायला जायचा.

अशात गुरुवारी स्मिताची गाडी आली. आली म्हणजे काय, ओढून आणली.

स्मिता मूळची पुण्याची. राहायला पुंगोलला, नोकरी रॅफल्स प्लेसच्या एका बँकेत. नवरा प्रबोध कामासाठी महिन्यातले पंधरा दिवस जकार्ताला. मुलीला शाळेतून घेऊन येताना एक्सप्रेसवेच्या बोगद्यात तिच्या गाडीचा जीवच गेला. पाय पूर्ण दाबलेला, तरी गाडी चाळीसच्या पुढे सरकेना. मागे मोठमोठे ट्रक, वर हॉर्न, आणि आठ वर्षांची गार्गी मागच्या सीटवर रडतेय. गॅरेजमध्ये आली तेव्हा बाईचा आवाज अजून कापत होता. पण फॉर्मवर नरेशचं आडनाव वाचलं आणि तिने असा सुस्कारा सोडला म्हणता! "अय्या, मराठी! नरेशदादा, मला गाडीतलं ओ की ठो कळत नाही. तुम्ही सांगाल ते खरं."

तुम्ही सांगाल ते खरं! नरेशने फॉर्म उचलला आणि उगाच त्यावरचा गाडीचा नंबर पुन्हा तपासला.

आता ह्या सीव्हीटी गाड्यांचं असं असतं. त्यांत नेहमीसारखे गिअर नसतात. दोन पुल्यांवर एक पोलादी पट्टा फिरतो आणि त्याला घट्ट धरून ठेवतं ते तेलाचं प्रेशर. प्रेशर पडलंय असं कॉम्प्युटरला वाटलं, की पट्टा घसरू नये म्हणून तो गाडीचा सगळा जोर काढून घेतो. वाटलं की! खरंच पडलंय का, ते माणसाने बघायचं.

स्मिताच्या गाडीवरही तोच प्रेशरचा कोड आला होता, म्हणून शुक्रवारी सकाळी नरेशने ते बघायला घेतलं. तेलाची पातळी बरोबर, रंग बरोबर, जळका वास नाही. मग त्याने गिअरबॉक्सवरचा तपासणीचा बोल्ट काढून तिथे काट्याचा गेज बसवला, शेजारी स्कॅनर ठेवला, इंजिन चालू केलं आणि दोन्हींकडे आळीपाळीने बघत बसला. गाडी तापली. गेजचा काटा जागचा हलेना आणि स्कॅनरवरचा आकडा मात्र मध्येच धपकन खाली. म्हणजे प्रेशर होतं, त्याचा निरोप पोचत नव्हता. नवा सेन्सर लावून पाहिला, तरी तेच. तेव्हा तो वायरींचा जुडगा बोटाबोटाने हलवत पुढे सरकला. बॅटरीच्या ट्रेखाली हात गेला आणि आकडा पडला. सोडला, वर. दाबला, खाली.

"सापडलीस गं बाई!" नरेश एवढ्याने ओरडला की पलीकडचा पेंटवाला डोकावून गेला.

ट्रेच्या लोखंडी पट्टीच्या धारेला घासून घासून एका वायरीचं आवरण गेलं होतं. तांबं उघडं पडलेलं. पाऊण तासाचं काम! त्याने तात्पुरती टेप गुंडाळली, वायर धारेपासून लांब बांधली आणि हात पुसत पँगच्या केबिनमध्ये गेला. इतक्या दिवसांत प्रथमच तो खुशीत होता, वेडा कुठला.

पँगने सगळं ऐकून घेतलं. मग कॉफीचा घोट घेऊन म्हणाला, "गिअरबॉक्स. बाकीच्यांसारखंच."

"सर, पण गेजवर..."

पँगने ड्रॉवर उघडला आणि एक निळी फाइल टेबलावर ठेवली. वर नरेशचं नाव. "सोमवारी हा अर्ज करावा म्हणतोय मी," तो शांतपणे इंग्रजीत बोलत होता. "पण मला आपला माणूस हवा, नरेश. उद्या ती बाई येईल. तिला तूच सांग. तुझ्या भाषेत सांग, तुझ्यावर तिचा विश्वास आहे." आणि फाइल पुन्हा ड्रॉवरमध्ये गेली.

त्या संध्याकाळी नरेश घरी आला आणि नेहमीसारखा सरळ हात धुवायला गेला. प्रणिता जेवणाच्या टेबलावर केमिस्ट्रीची पुस्तकं पसरून बसली होती, म्हणून तिघांनी ताटं मांडीवर घेतली. भात कालवता कालवता त्याला वाटलं, आपण ह्या घरात राहतच नाही. आपण त्या ड्रॉवरमध्ये राहतो, तिघंही. पँग उघडेल तेव्हा उजेड, बंद करेल तेव्हा अंधार. त्याला स्वतःचा इतका राग आला की अर्धं ताट तसंच टाकून तो उठला.

पण रात्रीतून त्याने एक ठरवलं. पँगने स्वतःच म्हटलं होतं ना, तुझ्या भाषेत सांग? मग सांगू की. पँगला मराठीतलं काय कळतंय!

शनिवारी सकाळी स्मिता आली, सोबत गार्गी. पोरगी आईचा फोन घेऊन लगेच टायरांच्या ढिगावर जाऊन बसली. पँग केबिनबाहेर येऊन हात मागे बांधून उभा राहिला, हसतमुख. नरेशने बॉनेट उघडलं, गिअरबॉक्सवर बोट ठेवलं, चेहरा दुखवट्याला आल्यासारखा केला आणि मराठीत सुरुवात केली.

"स्मिताताई, आता मी बोलतो ते फक्त ऐका. चेहरा पडलेलाच राहू द्या. हसू नका. तुमचा गिअरबॉक्स ठणठणीत आहे."

स्मिताच्या भुवया वर गेल्या.

"भुवया खाली घ्या, ताई. माझा मालक बघतोय. मला तुम्हाला गिअरबॉक्स बदलायला सांगायचंय, नाहीतर माझ्या पासचं काही खरं नाही. पोरीची परीक्षा तोंडावर आहे हो माझ्या. बिघाड एका वायरीचा आहे. बॅटरीच्या ट्रेखाली, डाव्या बाजूला, मी टेप लावलीय. 'नवऱ्याला विचारून सांगते' म्हणा आणि गाडी घेऊन जा. आजच दुसऱ्या कुठल्याही गॅरेजवाल्याला ती वायर दाखवा. तासाभराचंसुद्धा काम नाही. गिअरबॉक्सला हात लावू देऊ नका कोणाला." असं म्हणत त्याने गिअरबॉक्सवर दोनदा थापटलं आणि दुःखाने मान हलवली.

बाई हुशार. तिने तोंडावर हात नेला, "बाप रे" म्हणाली, आणि पँगकडे वळून पडेल आवाजात इंग्रजीत सांगितलं की नवऱ्याशी बोलून कळवते. पँग समजूतदारपणे मान डोलवत म्हणाला, "टेक युअर टाइम, मॅडम." नरेशच्या छातीवरचा धोंडा उतरला. दीड वर्षात पहिल्यांदा त्याला वाटलं की आपण खरंही बोललो आणि वाचलोही.

अहो, पण आपल्या माणसांचा हा जुना भ्रम आहे. परक्या देशात मराठी बोललं की दार लावून घेतल्यासारखं वाटतं. आणि त्या दारातून आपलीच पोरं घरातलं सगळं इंग्रजीत बाहेर नेत असतात, हे सोयीस्कर विसरलं जातं.

टायरांच्या ढिगावर फोन वाजला. जकार्ताहून बाबा. गार्गी आनंदाने किंचाळलीच, "पापा! कार इज ओके! अंकल सेड ओन्ली वायर, लाह! गिअरबॉक्स नो नीड चेंज! ही सेड डोन्ट लेट एनीबडी टच!"

पँगचं हसू तसंच राहिलं, फक्त डोळ्यांतून निघून गेलं. त्याने सावकाश नरेशकडे पाहिलं. "वायर?"

नरेशला निळी फाइल दिसली, ड्रॉवर दिसला, केमिस्ट्रीची पुस्तकं दिसली. हो म्हण, वायरच आहे म्हण, असं आतून कोणीतरी ओरडत होतं, आणि ओरडणारा तो स्वतःच होता. पण तोंडातून निघालं ते भलतंच. "चाइल्ड, सर. तिला मराठी नीट येत नाही. सेन्सरची वायर कशी असते ते मी समजावत होतो. तिने उलटंच ऐकलं."

पँग आता स्मिताकडे बघू लागला. स्मिताने एकदा नरेशचा चेहरा पाहिला. काय दिसलं तिला त्यात कोण जाणे, पण तिने ओठ घट्ट मिटले आणि तरातरा जाऊन लेकीच्या हातातला फोन काढून घेतला.

"गार्गी! अंकल नेव्हर सेड दॅट. यू हर्ड राँग."

"बट ही सेड..."

"इनफ! मोठ्यांच्या बोलण्यात नाक खुपसायचं आणि वर काहीही बनवून सांगायचं? आधी जा आणि सॉरी म्हण."

गार्गी आईकडे बघतच राहिली. आपण काय चुकलो, हे तिला कळेना. कळणार कसं, चुकलीच नव्हती ती! तिचे कान लाल झाले. ती उतरली आणि नरेशसमोर येऊन उभी राहिली. डोळे काठोकाठ भरलेले, पण एक थेंब पडू दिला नाही पोरीने. नरेशला वाटलं, हिने चटकन सॉरी म्हणावं आणि हे एकदाचं संपावं.

"काका," ती म्हणाली. इंग्रजीत नाही, मराठीत, एकेक शब्द जुळवत, की ह्यांना तरी नीट कळावं. "तुम्ही वायर म्हणालात. मी नीट ऐकलं. मला मराठी येतं. तुम्ही म्हणालात ना, काका?"

स्मिताने मान फिरवली.

"काय म्हणतेय ती?" पँगने विचारलं.

नरेशने गार्गीच्या डोळ्यांत पाहिलं आणि नजर काढून घेतली.

"शी इज सेइंग सॉरी, सर."

पँगचा चेहरा निवळला. त्याने खाली वाकून गार्गीच्या डोक्यावर थोपटलं. "गुड गर्ल," तो म्हणाला. मग केबिनकडे जाता जाता त्याने नरेशच्या खांद्यावर हात ठेवला. "सोमवारी तिघांचे पासपोर्ट घेऊन ये. तुझा अर्ज करून टाकू."