निवेदनाचा आवाज

रंगीत टीव्ही घरोघरी येत होते, त्या दिवसांत मरोळला आमच्या शेजारी माहितीपट काढणारा एकजण राहायचा. दवाखान्यात नवं यंत्र आलं की हा कॅमेरा घेऊन हजर. समोरच्याचं वाक्य मात्र कधी पुरं होऊ द्यायचा नाही. "म्हणजे असं ना, यार," म्हणत तोच ते संपवायचा. डोकं फिरायचं माझं.

श्वास मोजायच्या यंत्रावरचा त्याचा माहितीपट माहुलच्या कोळीवाड्यात दाखवला, तेव्हा मी सोबत होतो. पडद्यावर एक कोळीण यंत्रात फुंकून आपल्या दम्याबद्दल सांगू लागली, तोच तिच्या बोलण्यावर याचं निवेदन सुरू झालं. चित्रीकरणानंतर मधल्या काळात ती वारली होती. तिचा नवरा उठून म्हणाला, "सायेब, तुमचा आवाज बंद करा ना. तिला बोलू द्या."

याने घाईघाईने प्रोजेक्टरचं बटण फिरवलं. दोघांचेही आवाज फिल्मच्या एकाच पट्टीवर होते, ते एकदमच बारीक झाले. तिच्या बोलण्याची मूळ टेप याने पुढच्या कामासाठी कधीच पुसून वापरली होती.

त्यानंतर मी बोलून थांबलो, तरी तो माझ्या तोंडाकडे बघत राहायचा. "पुढे?" विचारायचा. माझं सांगून संपलेलं असायचं. तरी त्याच्यासाठी मी काहीबाही बोलत राहायचो.