फ्लॉवरला पाणी

मराठीत फ्लॉवर म्हणजे भाजी. आमच्या नागपूरच्या घरी तो मिठाच्या पाण्यात बुडवून त्यातल्या अळ्या काढायच्या आणि मग रस्सा करायचा. फुलाला आम्ही फूल म्हणायचो. मिनेसोटात बारा वर्षं राहून, रोज आठ तास इंग्रजीत मीटिंगा करूनही मी ही गोष्ट विसरलो नाही. तीच अडचण झाली.

आमची इथली विहाराची मंडळी धम्मचक्र प्रवर्तन दिनाला एका शाळेचा हॉल घेतात. वंदना, भाषणं, मग जेवण. जेवणाची सूत्रं एका काकूंच्या हातात असतात. काकू निवृत्त मुख्याध्यापिका, आता मुलाकडे राहतात, आणि आम्हा सगळ्यांना अजून सहावी ब समजतात. चार वर्षांपूर्वी त्यांनी मला भात करायला दिला होता. तो भात खाताना हॉलमध्ये जी शांतता पसरली, ती भाषणांच्या वेळीही नव्हती. तेव्हापासून माझ्याकडे कागदी प्लेटांचं खातं आहे. ऑफिसात माझ्या हाताखाली नऊ माणसं आहेत. हॉलच्या दारातून आत शिरलो की मी प्लेटावाला.

यंदा मला बढती हवी होती. म्हणून जूनमध्येच ग्रुपवर जाहीर केलं की या वर्षीच्या रश्श्याचा फ्लॉवर माझ्या परसातला असेल. काकूंचा लगेच फोन आला.

"पक्कं ना रे? मी मग विकतचा आणत नाही."

"पक्कं, काकू."

"भातासारखं पक्कं की खरं पक्कं?"

बायको शेजारीच होती. ती म्हणाली, "तुला मनी प्लांट जगवता आला नाही."

"तो इनडोअर होता," मी म्हणालो.

फ्लॉवर हे भलतंच मानी पीक आहे. त्याला थंडी हवी, पण रोपं लावायची जुलैच्या उन्हात. पाणी रोज, नेमानं. चार दिवस कोरडे गेले की तो मनाला लावून घेतो, बटणाएवढा गड्डा धरतो आणि तिथेच थांबतो. हे सगळं वाचून मी चोवीस रोपं लावली आणि सकाळची मीटिंग कॅमेरा बंद करून वाफ्यातून अटेंड करू लागलो. एकदा म्यूट करायचं राहिलं. मॅनेजरनं विचारलं, "तुझ्याकडे पाऊस पडतोय का?" मी हो म्हणालो. त्यानं काळजी घे म्हणून सांगितलं.

ऑगस्टमध्ये दोन आठवडे एडिसनला बहिणीकडे जायचं ठरलं. शेजारी एक अमेरिकन आजीबाई राहतात, अतिशय सज्जन आणि शब्दाच्या पक्क्या. त्यांना कुंपणावरून सांगितलं, "प्लीज वॉटर माय फ्लॉवर्स. इन द बॅक. एव्हरी डे."

"ऑफ कोर्स," त्या म्हणाल्या. "आय लव्ह फ्लॉवर्स."

एका परक्या बाईला भाजीबद्दल इतका जिव्हाळा बघून मला भरून आलं. म्हणून प्रेमानं आणखी सांगितलं की ऑक्टोबरमध्ये आम्ही सगळे मिळून ते खाणार आहोत, तुम्हीही या. त्या म्हणाल्या, "हाउ इंटरेस्टिंग."

एडिसनला मी ओक ट्री रोडवरच्या देशी भाजीच्या दुकानात फ्लॉवर हातात घेऊन नाकं मुरडत होतो. "हा काय फ्लॉवर आहे," असं भावजींना ऐकवत होतो. तेवढ्यात आजीबाईंचा मेसेज आला, तुझे फ्लॉवर्स फार खूश आहेत. तो मी दुकानदारालासुद्धा दाखवला.

परत आलो तर परसातल्या कुंपणालगतचं, मी उपटायचं ठरवलेलं तण कमरेएवढं वाढून जांभळ्या फुलांनी लगडलं होतं. त्याच्या बुडाशी छान ओल होती. दहा पावलांवर फ्लॉवरच्या वाफ्याला भेगा पडल्या होत्या आणि चोवीस रोपं माना टाकून उभी होती.

"ते कोबी होय?" आजीबाई म्हणाल्या. "त्यांच्याबद्दल तू काहीच बोलला नाहीस. फुलांचा मात्र मी एकही दिवस चुकवला नाही."

मुलगी मागे उभी होती. वय वर्षं दहा, जन्म इथलाच. "डॅड, यू सेड फ्लॉवर्स."

"अगं, आपण फ्लॉवरच म्हणतो."

"वी डू. शी डझन्ट."

यावर मी शहाण्या माणसासारखं गप्प बसायला हवं होतं. त्याऐवजी मी दिवसातून तीनदा पाणी घालू लागलो, जणू दोन आठवड्यांची थकबाकी फेडत होतो. कोवळ्या गड्ड्यांना ऊन लागू नये म्हणून बायकोचे केसांचे रबर घेऊन त्यांच्यावर पानं बांधली. तीन आठवडे परसात चोवीस पोनीटेल डुलत होत्या. शेवटी रबर सोडले तेव्हा आतून लिंबाएवढे गड्डे निघाले. काही सुपारीएवढे.

"काकूंना आजच सांग," बायको म्हणाली. "भाताच्या वेळेसही तू झाकण उघडू दिलं नव्हतंस."

कार्यक्रमाला तीन दिवस होते. फोन केला.

"सगळे मिळून किती भरले?" काकूंनी विचारलं.

"एक प्लेट."

"कागदी?"

"हो."

पलीकडे वहीत काहीतरी खोडल्याचा आवाज आला. मग त्या म्हणाल्या, "बरं. मी बटाटे वाढवते."

रस्सा झाला. माझे चोवीस गड्डे त्यात पडले आणि सत्तर माणसांत कोणालाही सापडले नाहीत. "फ्लॉवर सुट्टीवर गेला का बे?" असं एकानं पंगतीत विचारलं, आणि मग ते प्रत्येकानं विचारलं.

पण त्याआधी, वंदनेच्या पाच मिनिटं अगोदर, आजीबाई हॉलच्या दारात आल्या होत्या. आमंत्रण मीच दिलेलं. हातात ही मोठी जांभळी जुडी. "थंडीत टिकली ती सगळी आणली," त्या म्हणाल्या. "तीनदा धुतली आहेत. खायला चालतील ना?"

मी जमिनीकडे बघत होतो. काकूंनी पुढे होऊन जुडी घेतली आणि शाळेतल्या इंग्रजीत समजावलं, "नॉट फॉर ईटिंग. फॉर रिस्पेक्ट." मग ती फुलं बुद्धांच्या मूर्तीपुढे आणि बाबासाहेबांच्या फोटोपुढे वाहिली. दुकानातून आणलेला शेवंतीचा गुच्छ त्यांच्यापुढे अगदीच मलूल दिसत होता.

जेवणं उरकल्यावर काकू माझ्याकडे आल्या. मला वाटलं, आता दोन बरे शब्द मिळतील.

"पुढच्या वर्षी प्लेटा," त्या म्हणाल्या. "कागदाच्या. जेवायच्या. आणि इंग्रजीत कोणाला सांगू नको, स्वतः जाऊन आण."