आईच्या लुगड्यातली काकू

नात आमच्या घरावर फिल्म करून राहिलीय. परवा तिनं ते निजामाच्या काळातलं रीळ लावलं आणि म्हणाली, "आजी, तुळशीला पाणी घालणाऱ्या ह्या पणजीच ना? खाली नाव टाकते." मी म्हटलं, थांब बाई. ती तुझी पणजी न्हाई.

आम्ही तेव्हा नांदेडला. काका हैदराबादेत कचेरीत होते. एका सुट्टीत ते साहेबाचा चावीचा सिनेमा-कॅमेरा मागून घेऊन आले. घरच्यांची फिल्म काढायची आणि आधी मुखेडला दाखवायची, असं ठरलं. मुखेडला आईची आई अंथरुणाला खिळलेली, आणि आईला चार वर्षं माहेरी धाडलेलं नव्हतं. "आवाज नसंना, मी चालताना तर दिसन तिला," आई म्हणायची. पेटीतलं माहेरचं, रुंद काठाचं अंजिरी लुगडं तिनं त्याच्यासाठी काढून ठेवलं.

नेमका फिल्म काढायच्या सकाळीच तिला कावळा शिवला. बसली गोठ्याजवळ पोत्यावर.

काकांची रजा संपत आलेली. मी म्हटलं, "काका, आईला तिथंच बसलेली काढा की." काका म्हणाले, "येडी का तू? विटाळशी रिळात आली तर विटाळ कायमचा. धुता येतो का तो?" हैदराबादच्या हाटेलांत काय काय खाऊन घरी येताना जानवं सरळ करणारा माणूस हा.

तोड त्यांनीच काढली. काकूला आईचं लुगडं नेसवलं, पदर नाकापर्यंत ओढायला लावला. "वहिनी काय अन् ही काय, पदराआड कोणाला कळतंय," म्हणाले, आणि सगळे हसले. वडीलही. वडिलांनी पानाची पिंक टाकली आणि म्हणाले, "बरोबर हाय." ती पिंक रिळात आलीय बघ, ओट्याच्या कडेला. पिंकेला जागा होती. काकू लाजत मुरकत तुळशीपर्यंत गेली, आई पोत्यावरून बघत राहिली.

चौथ्या दिवशी न्हाऊन आल्यावर आईनं ते लुगडं तीनदा धुतलं. परत कधी नेसली न्हाई.

रीळ तयार झाल्यावर काका ते दाखवायचं मशीन घेऊन मुखेडला गेले, मलाही नेलं. खिडक्यांना घोंगड्या लावल्या, भिंतीवर धोतर ताणलं, आजीला लोडाला टेकवून बसवलं. काकू तुळशीकडं चालत निघाली.

"बघा, तुमची लेक," काका म्हणाले.

आजी बघत राहिली. मग म्हणाली, "लुगडं माझ्या लेकीचं हाय. चाल न्हाई. बाई कोण?"

काकांनी मशीन खोलल्यासारखं केलं. आजीनं माझा हात धरला. "खरं सांग पोरी, तुझी माय जिवंत हाय ना?"

मी हाव म्हटलं. किती वेळा म्हटलं. तिनं काही ते मानलं न्हाई. पोळ्याच्या आधी गेली, लेक मेली असंच धरून गेली.

म्हणून म्हणते, नाव टाकायचं तर काकूचं टाक. आणि तिथंच लिही, की तुझी पणजी तेव्हा गोठ्याजवळ पोत्यावर बसली होती, चांगली जिवंत.